सहा वाजून सात मिनिटं

दुपारी दोनला वारा पडला तो पडलाच, आणि तेव्हापासून वसुधाच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. हा माणूस काही सहाच्या आत येत नाही.

माणूस म्हणजे तिचा नवरा. सुधीर ओगले, वय चौसष्ट, मार्चमध्ये एर्लांगेनच्या कंपनीतून निवृत्त, दोन्ही गुडघे कामातून गेलेले. तो समोर बोडेनझे या जर्मनीतल्या मोठ्या तळ्याच्या पाण्यावर होता, काठापासून दीड किलोमीटरवर, साडेसहा मीटरच्या होडीत, एकटा. काल संध्याकाळी सातला निघाला होता. दुर्बिणीतून त्याचं शीड दिसत होतं, दोरीवर वाळत घातलेल्या टॉवेलसारखं लटकलेलं. तासाभरात ते बोटभरही पुढे सरकलं नव्हतं.

वसुधा धक्क्याच्या टोकाला लाकडी खोलीत बसली होती, आलेल्या होड्यांची वेळ लिहायला. पहाटे चारपासून. आधी भराभर आल्या त्या मोठ्या होड्या, मग मधल्या, मग लहान, मग अगदीच हौशी. आता पाण्यावर एकच उरली होती आणि ती नेमकी आपल्या घरची असावी, यालाच नशीब म्हणतात. शेजारच्या खुर्चीत फ्राऊ त्सेलर डुलक्या घेत होत्या. त्या चौऱ्याऐंशीच्या. तीस वर्षं त्यांनीच हे काम केलं, आणि डोळे गेले तेव्हा पेन वसुधाच्या हातात दिलं. पोरीचं अक्षर सुवाच्य आहे आणि ती बडबड करत नाही, एवढंच त्या समितीला म्हणाल्या होत्या. पोर तेव्हा त्रेपन्न वर्षांची होती.

ही शर्यत काय आहे ते सांगायला हवं, नाहीतर एवढा जीव टाकण्यासारखं त्यात काय आहे ते कळायचं नाही. तिचं नाव ‘लांगे रुंडे’, म्हणजे लांबची फेरी. शुक्रवारी संध्याकाळी सातला निघायचं, तळ्याच्या पश्चिमेच्या टोकाला जायचं, तिथल्या पाण्यात तरंगणाऱ्या पिवळ्या बोयला वळसा घालायचा आणि परत यायचं. शनिवारी संध्याकाळी सहाच्या आत आलात तर फेरी धरली. सहाच्या ठोक्याला धक्क्यावरचा निळा झेंडा उतरतो, मग तुम्ही आलात काय न आलात काय, सारखंच. दुसऱ्या महायुद्धानंतर पाच-सहा वर्षांनी सात जणांनी पैजेवर ती सुरू केली. कुणी कोळी, कुणी होड्या बांधणारे सुतार. सात जणांत धड चालणारी घड्याळं दोन. पहिल्याच वर्षी कोण कधी आलं यावरून अशी जुंपली, की सख्खे भाऊ जन्मभर एकमेकांशी बोलले नाहीत म्हणे. तेव्हापासून रीत पडली. होडीवाल्याने आपली वेळ आपल्या हाताने कागदावर लिहायची, धक्क्यावरच्याने आपली वहीत लिहायची, आणि दोन्ही समितीपुढे ठेवायचं. सत्तर वर्षांत दोन्हींत मिनिटापेक्षा जास्त फरक पडलेला नाही, हे क्लबातलं शेंबडं पोरही तुम्हाला ऐकवेल. ट्रॅकर लावा म्हणून तरुण मंडळी दरवर्षी ओरडतात. म्हातारे दरवर्षी ‘गेनाऊ, गेनाऊ’, म्हणजे ‘बरोबर, बरोबर’, म्हणत माना डोलावतात आणि नवे कागद छापून आणतात. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही, तो हा असा.

आणि ज्याच्या वीस फेऱ्या होतात त्याचं नाव क्लबाच्या भिंतीवर, जुन्या होडीच्या फळीवर कोरतात. एकतीस नावं आहेत. सुधीरच्या फेऱ्या एकोणीस.

एकोणिसावी झाली त्याला आता चार वर्षं झाली. नंतरच्या तीन वर्षांत एकदा वादळ, एकदा सुकाणू मोडलं, एकदा असाच वारा पडला. दरवर्षी ‘ही शेवटची गं’. दरवर्षी गुडघ्यांचं ऑपरेशन पुढे. डॉक्टरीणबाईंच्या प्रॅक्सिसमध्ये फोन करून तारीख बदलून घ्यायची, ते काम अर्थातच वसुधाचं. दरवर्षी जूनमध्ये घोट्यांपर्यंत सुजलेल्या पायांनी हा माणूस होडीत चढायचा, आणि ती रात्रभर फोन उशाशी ठेवून पडायची. या वर्षी होडी कार्ल्सरूहेच्या एका जोडप्याला विकायची ठरली होती, म्हणजे बोलणं झालं होतं. पण तिथेही सुधीरने मेख मारून ठेवली होतीच. “विसावी झाली तर सोमवारी ट्रेलर घेऊन या,” असं त्याने त्यांना सांगितलं होतं. झाली तर.

साडेपाचला किंचित वारा आला. पाण्यावर काळपट सुरकुत्या उमटल्या, शीड फुगलं, होडी हलली. वसुधा उठून उभी राहिली. कंबर अशी धरली होती की सरळ व्हायला तिला खिडकीची चौकट पकडावी लागली. पावणेसहाला वारा परत बसला. होडी हळूहळू, तरंगत, आपल्याच गतीने येत राहिली. मुलीचा, ऊर्जाचा, तिसऱ्यांदा फोन आला. ‘इस्ट एर दा?’ एवढंच तिने विचारलं. “नाही आला,” म्हणून वसुधाने ठेवून दिला.

सहा वाजले तेव्हा होडी दोनशे मीटरवर होती.

मागे मैदानातल्या तंबूत बक्षीस समारंभ सुरू झाला होता. बँड वाजत होता, सगळ्यांच्या पाठी पाण्याकडे. फ्राऊ त्सेलर घोरत होत्या. वसुधा झेंड्याच्या दोरीपाशी गेली, दोरी हातात घेतली आणि तशीच उभी राहिली. उतरवायचा, बस्स. सहा वर्षं तिने तो सेकंदावर उतरवला होता. एकदा तर अध्यक्षांच्या सख्ख्या मेहुण्याची होडी वीस मीटरवर असताना उतरवला होता आणि या बाईला जराही दयामाया नाही असं लोक म्हणाले होते. तिला ते आवडलंही होतं.

पण आता तिला पुढचं वर्ष दिसायला लागलं. कार्ल्सरूहेच्या लोकांना ‘सॉरी’ म्हणून फोन. ऑपरेशनची तारीख पुढे. हिवाळाभर दिवाणखान्यात पसरलेली शिडं. ‘ही शेवटची गं.’ पुन्हा जून, पुन्हा ही खुर्ची. तिला कंटाळा आला होता. राग नव्हता, दुःख नव्हतं, निव्वळ कंटाळा. हाडापर्यंत गेलेला. या माणसाची वाट बघण्यात आपली उमेदीची वर्षं गेली, आता उरलेली तरी आपल्याला मिळावीत, एवढंच तिच्या मनात आलं.

तिने झेंडा न उतरवताच दोरी सोडली आणि ती खोलीत परतली. होडी रेषा ओलांडून आत आली तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात सहा वाजून सात मिनिटं झाली होती. वसुधाने वहीत लिहिलं : ओगले, १७:५८. मग बाहेर जाऊन झेंडा उतरवला.

वही बांधलेली होती, पानांवर नंबर छापलेले. लिहिलेलं खोडायचं तर शेजारी कारण लिहावं लागतं आणि समितीतल्या दोघांच्या सह्या लागतात. हे तिला माहीत होतं, आणि तरी शाई वाळायच्या आत तिला वाटलंच की खोडावं. तेवढ्यात दार उघडून अध्यक्ष हिल्डेब्रांट आत आले. घामाघूम, हातात बिअरचा ग्लास.

“आल्झो, सुधीर आला का? तंबूत सगळे विचारतायत.” त्यांनी वहीवर नजर टाकली. “अठ्ठावन्न! मेन्श, फ्राऊ ओगले! अठ्ठावन्न!” आणि तिने तोंड उघडायच्या आत स्वारी धावत तंबूकडे निघालीदेखील. दोन मिनिटांत बँड थांबला आणि तिकडून एकच जल्लोष ऐकू आला.

झालं. आता तीर सुटला. वसुधा खुर्चीत बसली. 

सुधीर होडी बांधून, एकेक पायरी दोन्ही पायांनी चढत, दहा मिनिटांनी खोलीशी आला. चेहरा उन्हाने रापलेला, ओठ फुटलेले, डोळे लाल. कागद त्याच्या हातात तयार होता. होडीतच लिहिला होता त्याने, त्या त्याच्या इंजिनिअरी, छापल्यासारख्या आकड्यांत : १८:०७.

“सात मिनिटं गं,” तो म्हणाला. “जाऊ दे. वळसा घेताना झोप लागली सात-आठ मिनिटं, तिथेच गेली सगळी. आणि काय गं, झेंडा उतरवायचा राहिला होता. मी बघितलं. थकलीस ना?”

वसुधाने वही त्याच्यापुढे फिरवली.

त्याने वाचलं. चष्मा काढून पुसला, परत वाचलं. तंबूत लोक टेबलं बडवून त्याचं नाव घेत होते. झूऽधीर, झूऽधीर. तेवीस वर्षांत त्यांना ‘स’ काही म्हणता आला नव्हता. त्याने तिकडे एकदा बघितलं, मग फ्राऊ त्सेलरकडे, मग बायकोकडे.

“हिल्डेब्रांटने बघितलं हे?”

“हो.”

“आणि माझा कागद असा गेला तर?”

“तर विचारतील,” वसुधा म्हणाली. “मग मी सांगेन. पेन काढून घेतील माझं. घेऊ देत. अहो, चुकलं माझं. द्या तो कागद, मी नेऊन देते.”

तिने हात पुढे केला. सुधीरने कागद दिला नाही. एकोणीस वर्षं तो हा कागद भरत आला होता. एकदा वहीतल्यापेक्षा एक मिनिट उशिराची, पण खरी वेळ स्वतःच लिहून दुसऱ्याला पुढचा नंबर देऊन बसला होता, आणि त्याबद्दल घरी आल्यावर वसुधाने त्याला धर्मराज म्हणून आठवडाभर चिडवलं होतं. आता त्याने तोच कागद चार घड्या घालून खिशात ठेवला. टेबलावरच्या गठ्ठ्यातला एक कोरा ओढला. उभ्यानेच, वाकून, सावकाश लिहिलं : १७:५८. खाली सही केली.  

“तू माझ्यासाठी एवढं केलंस,” तो हळूच म्हणाला, “मग मी तुला तोंडघशी पाडू?” आणि तिच्या खांद्यावर हात ठेवून, तिचाच आधार घेत, वळला आणि लंगडत तंबूकडे गेला.

वसुधाने तो नवा कागद वहीच्या पानाला टाचला. होडीवाल्याचा कागद वहीतल्या त्याच्या नोंदीशी जोडायचा, हीच रीत. टाचणी तिसऱ्या खेपेला नीट बसली. खिडकीतून तिला तंबू दिसत होता. सुधीरला त्यांनी टेबलावर चढवायचा प्रयत्न केला, गुडघे बघून सोडून दिला आणि दोघांनी त्याला खुर्चीसकट उचललं. तो हसत होता. निवृत्तीच्या दिवशी कंपनीत फुलं देताना हसला होता, तसं.

फ्राऊ त्सेलर जाग्या झाल्या. “सगळे आले?” त्यांनी विचारलं.

“आले,” वसुधा म्हणाली. त्यांना हाताला धरून तिने सूप प्यायला पाठवून दिलं आणि दुर्बीण, पेनं, वही आवरायला घेतली.

अर्ध्या तासाने सुधीर परत आला. दरवर्षी यायचा तसाच, आवरायला मदत म्हणून, आणि दरवर्षीसारखाच काही न करता खुर्चीत बसला.  बाहेर कुणीतरी होड्यांवर पाणी मारत होतं.

“फळीवर मोठी जागा निवडलीय म्हणे,” तो म्हणाला. “सप्टेंबरात कोरणार.”

आता गप्प बसावं, वसुधाला वाटलं. गप्प बसलं की निभावलं. हा माणूस उरलेलं आयुष्य ‘बायकोने माझ्यासाठी केलं’ म्हणून जपून ठेवील. काय वाईट आहे त्यात? पण त्याचा तो खिसा, घडी घातलेल्या कागदाने किंचित वर आलेला, तिच्या डोळ्यांपुढून हलेना. एका दिवसाला एक खोटं पुरे होतं.

“अहो, मी तुमच्यासाठी नाही केलं ते,” ती म्हणाली.

सुधीरने मान वर केली.

“माझ्यासाठी केलं. ही झाली नसती तर तुम्ही पुढच्या वर्षी परत निघाला असतात. मला आता होत नाही हो हे. वाट बघणं होत नाही. काही करून हे संपावं म्हणून लिहिलं. तुमचं नाव, ती फळी, त्यातलं काही माझ्या डोक्यातसुद्धा नव्हतं.”

सुधीरने खिशातला कागद चाचपला. नंतर म्हणाला, “मघाशी का नाही बोललीस? कोरा कागद घेतला तेव्हा?”

“तेव्हा बोलले असते तर तुम्ही खरं लिहिलं असतंत.”

“हो.”

“म्हणून.”

त्याने तोंडावरून दोन्ही हात फिरवले. रडतोय की काय असं तिला वाटलं, पण नाही, तो नुसता दमलेला होता, तिच्याइतकाच.

“एक विचारू?” वसुधा म्हणाली. “खरं सांगा. ऑपरेशनला हो म्हणाला होतात, होडी विकायला काढली होती. तरी परत निघाला असतात का?”

सुधीरने पाण्याकडे बघितलं. आता त्यावर छान वारा सुटला होता, बघून कुणालाही चीड यावी असा.

“निघालो असतो,” तो म्हणाला.

वसुधाने मान हलवली. गाडीची किल्ली त्याच्या जॅकेटमधून काढून घेतली, त्याला काखेत हात घालून उठवलं, आणि दोघं पार्किंगकडे चालायला लागली. तंबूपाशी हिल्डेब्रांट हात हलवत होते. दोघांनीही हात हलवला.