अर्जातली चौथी ओळ

नीळकंठरावांनी अर्जातली चौथी ओळ खोडली आणि पेनाला टोपण लावलं.

"अंकल, ये तो आपस के एग्रीमेंट का मामला है," टेबलापलीकडचा हवालदार म्हणाला. "कोर्ट जाइए. पुलिस तब चलेगी जब जान का ख़तरा हो. धमकी दी है उसने?"

संकेतने धमकी दिली नव्हती. गोविंदपुऱ्यातल्या त्याच्या शेडमध्ये नीळकंठरावांचा साचा होता. पंख्याचं झाकण दाबून काढायचा, चार महिने खपून त्यांनी स्वतः घडवलेला. तो वापरायला देण्याचा करार वर्षाचा. वर्ष सरलं, तरी हातातलं काम पुरं झाल्याशिवाय संकेत साचा सोडीना. दोनदा नेलेला टेम्पो त्याच्या कामगारांनी फाटकातूनच परत पाठवला. इकडे साच्यावाचून नीळकंठरावांची शेड बंद, तिथले चौघे कारागीर घरी बसलेले. पंधरा दिवसांत माल दिला नाही तर नवी ऑर्डर जाणार, आणि सत्तराव्या वर्षी दुसरी कोण देतो?

संकेत एवढंच म्हणाला होता, "काका, साचा न्यायचा तर माझ्या अंगावरून न्या."

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. चढले असते, तर निकालापर्यंत साच्याला गंज लागला असता. नीळकंठरावांनी शेड काढण्याआधीच्या उभ्या नोकरीत रजेचा अर्जसुद्धा खोटा दिला नव्हता; ताप आला तर तापाचा आकडा लिहीत. पण गरजवंताला अक्कल नसते. त्यांनी टोपण काढलं आणि खोडलेल्या ओळीच्या जागी सुवाच्य हिंदीत लिहिलं, की संकेतने आपल्याला जिवे मारण्याची धमकी दिली आहे. खाली सही केली. हात जरासुद्धा कापला नाही, याचंच त्यांना वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ठाण्यात संकेतला बोलावलं. तेलाचे हात पुसत तो तसाच कामावरून आला. अठराव्या वर्षी तो नागपूरहून इकडे आला, तेव्हा त्याला कानस धरायला नीळकंठरावांनीच शिकवलं होतं. ठाणेदाराने अर्ज त्याच्यापुढे सरकवला.

"जान से मारने की बात कही थी?"

संकेतने अर्ज दोनदा वाचला.

"काका, हे तुम्ही लिहिलंय?"

"हो."

"स्वतः?"

नीळकंठरावांनी मान हलवली. आता याने उसळावं, चार शिव्या घालाव्यात, असं त्यांना मनापासून वाटलं.

"साहब, मुझे तो याद नहीं," संकेत हळूच म्हणाला. "ग़ुस्से में मुँह से निकल गया होगा. काका झूठ नहीं लिखते. उन्होंने लिखा है तो कहा ही होगा."

नीळकंठरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. बोलायला त्यांनी तोंड उघडलंही. पण घरी बसलेले चौघे डोळ्यांपुढे आले, आणि उघडलेलं तोंड त्यांनी मिटलं. ठाणेदाराने पुढे केलेल्या कागदावर संकेतने सही केली. काकांच्या जवळ जाणार नाही, असं त्यात लिहिलं होतं.

दुपारी दोन शिपाई बरोबर घेऊन नीळकंठराव टेम्पोसह शेडवर गेले. कामगार बाजूला झाले. संकेतला एका शिपायाने भिंतीशी उभं केलं. पट्टे अडकवून साचा साखळीच्या कप्पीवर उचलला, तसा तो एका अंगाला कलला.

"काका, मागे सरा!" संकेत ओरडत पुढे धावला. "डावा पट्टा आखूड पडतोय."

"ए, चुप! वहीं रह!" शिपायाने काठी आडवी धरली आणि वळून म्हणाला, "अंकल, आप डरिए मत. हम हैं."

नीळकंठराव मागे सरले. साचा खाली टेकवून त्यांनी डावा पट्टा लांबवला. मग संकेतकडे न बघताच विचारलं,

"आता?"

"आता बरोबर आहे, काका," काठीपलीकडून संकेत म्हणाला.