शेवटच्या मिनिटातला फाउल

टाइम-आउटमध्ये कॅप्टनने चष्मिशच्या बुटाची नाडी स्वतःच करकचून आवळली. सर बोलतच होते.

"मिनिटभर राहिलंय. समोरच्या आता बॉल धरून उभ्या राहतील. राहू देत. तुम्हीही उभ्या राहा."

सकाळी सरांना कॉलेजच्या ऑफिसातून फोन आला होता. मोसमभर एक मॅच जिंकली नाही, निम्म्या पोरी जखमी. वॉकओव्हर द्या, उगाच हसं कशाला? सर उत्तर शोधत होते, तोवर कॅप्टन बसमध्ये जाऊन बसली होती. तिच्यामागून चौघी चढल्या. त्यांतल्या दोघी आता पाच-पाच फाउल करून बाहेर बसल्या होत्या. मैदानात उरल्या तिघीच: चष्मिश, चिमणी आणि चार फाउल झालेली कॅप्टन. तिचं हे शेवटचं वर्ष. ही तिची शेवटची मॅच.

समोर बास्केटबॉल लीगमधला अव्वल संघ होता. पाचही जणींच्या जर्सी अजून कोरड्या दिसत होत्या.

लीगमध्ये एक अलिखित रीत आहे. मॅच एकतर्फी झाली, की जिंकणारे शेवटच्या मिनिटात बास्केट टाकत नाहीत. जागेवर टप्पे देत घड्याळ संपू देतात. हरणाऱ्यांनी त्यात हात घालायचा नसतो.

शिट्टी झाली. समोरच्या कॅप्टनने मध्यरेषेजवळ येऊन सावकाश टप्पे द्यायला सुरुवात केली. बॉलकडे तिचं लक्षही नव्हतं. प्रेक्षकांतले काही जण पिशव्या उचलून निघाले.

"दमलात गं," ती म्हणाली. "थांबा आता. संपलंच."

"तुझं संपलं असेल," तिच्यासमोर येत कॅप्टन म्हणाली.

"अगं, तुमच्यासाठीच करतेय."

"आम्ही मागितलं होतं?"

"हात लावू नकोस!" बाकावरून सर ओरडले.

कॅप्टनने झेप घेतली. बोटं बॉलला लागली, पण त्याआधी समोरचीच्या मनगटाला. दोघी धडपडल्या. शिट्टी. पाचवा फाउल.

"काय माणसं असतात!" समोरच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं. "हरायचीसुद्धा अक्कल नाही."

कॅप्टनने हात वर करून फाउल कबूल केला आणि बाहेर आली. सरांनी टॉवेल दिला नाही, नुसता तिच्या बाजूला टाकला.

"एक मिनिट उभं राहवलं नाही तुला?"

"उभं राहायला आले नव्हते, सर."

समोरची कॅप्टन मनगट चोळत फ्री थ्रोच्या रेषेवर गेली. एवढ्या आघाडीवर असे थ्रो कुणी मनापासून टाकत नाही. तिने मात्र गुडघे वाकवले, श्वास सोडला, नेम धरला. पहिला आत. दुसराही आत.

मैदानात आता दोघीच; नियमाला तेवढ्या पुरतात. बॉल चिमणीकडे. शेवटच्या रेषेबाहेरून तिने तो चष्मिशला द्यायचा होता. बराच वेळ हा पास अडवायला कुणी आलंच नव्हतं. समोरच्या पाचही जणी गप्पा मारत आपल्या अर्ध्यात परतायच्या. या वेळी एकही परतली नाही. दोघींनी चष्मिशला घेरलं. त्यांची कॅप्टन थेट चिमणीसमोर येऊन उभी राहिली, दोन्ही हात पसरून.

चिमणीला पास द्यायला फटच दिसेना. घाबरून तिने बाकाकडे पाहिलं.

"इकडे काय बघतेस?" कॅप्टन बाकावरून उठून ओरडली. "समोर उभी आहे तिच्याकडे बघ!"