आगीची माफी मागणारे शेठ

मित्रांनो, माझा लाल रंग कधीचाच उडाला, माझ्या एका चाकावर चिमण्यांनी संसार थाटला आहे, आणि तरी सांगतो, मी एक जुना हातबंब आहे. आग विझवणारा! मला आठ माणसं लागतात. चार इकडून दांडा दाबतात, चार तिकडून. एक जरी कमी पडला तरी पाणी पायापाशीच पडतं. हा माझा हट्ट नाही, घडणच तशी आहे.

मी मुंबईच्या कारखान्यात घडलो आणि रेल्वेनं आदिलाबाद जिल्ह्यातल्या या कापसाच्या गावात आलो. मला आणलं अर्देशिर शेठनी. ते पारशी. आजोबांच्या वेळेपासून त्यांची इथं जिनिंग होती, कापसातून सरकी वेगळी करायची गिरणी. वांकिडीपासून कापसाच्या गाड्या यायच्या. कापूस म्हटला की आगीची धास्ती आलीच, म्हणून मी.

पण गंमत पाहा. शेठ आगीला देव मानायचे. संध्याकाळी डोक्यावर काळी टोपी घालून दिवा लावायचे, आणि काडीसुद्धा कधी फुंकायचे नाहीत. ती वाळूच्या डबीत उभी खोचायचे, आपोआप विझेपर्यंत. त्यांचा फोरमन चंपत दर दसऱ्याला मला हळदकुंकू लावायचा, माझा दांडा हलवून पाहायचा. शेठ मात्र दांड्याला हात लावत नसत. आगीवर पाणी मारायचं काम तुमचं, मी बाजूला उभा राहतो, असं ते म्हणायचे. लहान आग असली तर ते स्वतः माती टाकून ती झाकायचे. गडीमाणसं पाठीमागे हसायची. मीही थोडा रुसायचो. मला विकत घेतलं आणि माझ्यापासूनच लांब!

पुढं गावानं त्यांना नगराध्यक्ष केलं. आमच्याकडं चेअरमन म्हणतात. खुर्चीवर बसल्यावर पहिल्याच आठवड्यात त्यांनी मला गावाला देऊन टाकलं. भाजीबाजारात नळ आणला. भाजीवाली सोजरबाई त्यांना रोज पालक द्यायची आणि रस्त्यावरच्या खड्ड्यावरून रोज बोलायची. ते दोन्ही मुकाट्यानं घ्यायचे.

मग तो दिवस आला. भर दुपारी बाजारातल्या तट्ट्यांनी पेट घेतला. सोजरबाईच्या दुकानामागच्या झोपडीत तिची अंथरुणाला खिळलेली सासू होती. चंपत मला ओढत घेऊन आला. पण त्या दिवशी जिनिंग बंद, माणसं गावी गेलेली. दांड्यापाशी जमली किती? सात! बाकीचे विहिरीपासून बादल्यांची रांग लावून माझी टाकी भरत होते, त्यातला एक जरी काढला तरी टाकी रिकामी. सात जणांनी दांडा दाबला. पाणी जेमतेम दोन हातांच्या अंतरावर पडलं. माझा जीव नुसता तळमळला. सोजरबाई शेठकडं पाहत होती.

शेठनी बूट काढले. आगीसमोर हात जोडून ते त्यांच्या भाषेत काहीतरी पुटपुटले. मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "माफ कर देवा. आत म्हातारी आहे."

आणि आठव्या जागी येऊन त्यांनी माझा दांडा धरला. मित्रांनो, आगीकडं त्यांनी पाहिलं नाही. पण पाणी असं गेलं, असं गेलं की झोपडीचं दार मोकळं झालं. चंपतनं म्हातारीला पाठीवर घालून बाहेर आणलं. ती खोकत होती आणि तिला तिची पानाची चंची हवी होती.

आग विझल्यावर लोक शेठना हार घालायला धावले. शेठ कुठं होते? चिखलात गुडघे टेकून, हातात चिमटा घेऊन राखेत निखारा शोधत होते. चंपत घाबरला, म्हणाला की शेठ, आता काही पेटतं ठेवू नका. शेठनी ऐकलं नाही. एक निखारा मिळाला. तो घमेल्यात घेऊन ते घरी गेले आणि त्यावर चंदनाच्या ढलप्या घालत संध्याकाळभर बसले. माझ्या पाण्याच्या माऱ्यातून एक निखारा वाचला, याचा मला आयुष्यात पहिल्यांदाच आनंद झाला.

पुढं मोटारीचा बंब आला आणि मी नगरपालिकेच्या आवारात पडलो. दोन वर्षांपूर्वी शेठ गेले. गेल्या आठवड्यात माझ्यावर खडूनं फुली मारली. भंगार.

काल त्या आगीचा दिवस होता. सोजरबाई दरवर्षी येते तशी आली, पणती घेऊन, काठी टेकत. यंदा नात होती सोबत, अश्लेषा, याच कचेरीत इंजिनियर आहे. अश्लेषानं पणती लावली आणि काडी फुंकायला तोंडाजवळ नेली. आजीनं तिचं मनगट धरलं.

"फुंकू नोको, पोरी. आपल्या घरच्या म्हातारीपायी शेठनं सोताचा देव दुखवला होता. आपुन काडीबी नाई फुंकाची."

अश्लेषानं काडी माझ्या चाकाजवळच्या वाळूत खोचली. ती विझेपर्यंत दोघी उभ्या होत्या. मग तिनं ओढणीच्या टोकानं माझ्यावरची फुली पुसली आणि वर जाऊन साहेबांशी बोलते म्हणाली.

साहेब ऐकतील की नाही, मला ठाऊक नाही. तुम्ही तुमच्या गावात असा एखादा जुना बंब पाहिलात तर त्याला थोडं वंगण द्या, मित्रांनो. आणि दांड्याशी एक जागा रिकामी दिसली तर बाजूला उभे राहू नका.