चाल पारंपरिक म्हणे!

माझी चाल पारंपरिक? अरे, माझं वय एकतीस. मीच अजून जुनी झाले न्हाई, तर माझी चाल कुठून जुनी होईल?

सांगते. आपल्या बोलीतले पिच्चर आता कुठं निघून राह्यले. जुन्या जालन्यातल्या कापडवाल्या हरिओमशेठनं एक काढला अन् संगीत मला दिलं. मी पिंपळगाव रेणुकाईची तृप्ती. एक बाजाची पेटी अन् एक कॉम्प्युटर, हाच माझा स्टुडिओ. चाल बांधली की मी ती आधी इस्माईलचाचांच्या बँडला देते. लग्नात नवरदेव घोड्यावर बसून मारुतीच्या पाया पडायला निघाला, की त्या परण्यात चाचा ती वाजवतात. बायका नाचल्या तर चाल ठेवायची, न्हाई तर फेकायची. मुंबईत घेतं का कुणी असली परीक्षा?

या पिच्चरची ही चाल केदारखेड्याच्या लग्नात वाजली अन् नवरदेवाची आजी काठी टाकून नाचायला लागली. मंग काय, तालुक्यातल्या सगळ्या बँडवाल्यांनी ती उचलली. पण इस्माईलचाचा दर वेळी आधी माईकवर सांगायचे, "चाल अपनी तृप्ती बेटी की!" मी लाजेनं मरायचे.

"चाचा, नाव कशाला घेता?"

"बेटी, नाम नै लिया तो गाना लावारिस हो जाता."

पिच्चर लागायच्या आधी शेठनं बोलावून पडद्यावर येणाऱ्या नावांच्या पाट्या दाखवल्या. त्या गाण्यापुढं लिहिलेलं, 'चाल: पारंपरिक'.

"शेठ, हे काय?"

"सगळे बँडवाले वाजवून राह्यले, म्हणजे लोकांचीच झाली की ती. तुझं नाव टाकलं तर उद्या तू हक्क सांगशील. चाल तुझी न्हाई म्हणून सही कर, पुढचा पिच्चरबी तुलाच."

डोक्यात सणक गेली. पुढचा पिच्चर मला पायजे होता, खोटं कशाला बोलू? त्याच्या दोन चाली मनात तयारबी होत्या. पण सही केली न्हाई. शेठनं पाटी तशीच ठेवली अन् म्हणाले, "सहीचं नंतर बघू."

पहिल्या शोला माझी आई, उषाबाई, सगळी भावकी घेऊन आल्ती. ती पाटी आली अन् अंधारात आई उभी राह्यली. "अय हरिओम! माझी पोरगी जिती हाये! तिची चाल पारंपरिक व्हायला ती मेली का?"

थेटर हसून लोळलं. मी मात्र रडले, रागानं.

शो सुटला. बाहेर पाहुण्यांसाठी बँड लावलेला, इस्माईलचाचांचाच. शेठ त्यांच्या कानाशी लागले, "गाणं वाजवा. नाव घेऊ नका." चाचांनी क्लॅरोनेट तोंडाजवळ नेली अन् खाली घेतली. माझ्याकडं बघितलं. "बोल बेटी, क्या करना?"

पाहुणे ताटकळलेले. शेठ हळूच मला म्हणाले, "तृप्ती, नाव घेतलं तर पुढचा पिच्चर गेला समज."

"गेला तर गेला! खड्ड्यात जाऊ द्या!"

चाचांचा माईक मी हातात घेतला. आजवर लाजत होते, आता गळ्याच्या शिरा ताणून ओरडले, "चाल तृप्तीची! पिंपळगाव रेणुकाईच्या तृप्तीची! वाजवा चाचा, बिलकुल थांबू नका!"

चाचांनी क्लॅरोनेट तोंडाला लावली. आईनं पदर खोचला अन् शेठच्या पुढ्यातच नाचायला लागली.