मॅल ऑग्डेनच्या डाव्या दंडावरची पट्टी

मित्रांनो, मी एक जुनी पट्टी आहे. लाल, चार बोटं रुंद, ताण गेलेली. फुटबॉलच्या कप्तानाच्या दंडावर असते ना, ती. माझ्यावर चिखलाचे डाग आहेत, रक्ताचे आहेत आणि थुंकीचे आहेत. चिखल नऊ वर्षांचा. थुंकी एकाच दिवसाची.

मला डोरीनने केलं. ती ब्रॅकनशॉ टाउन क्लबचे कपडे धुवायची. तिने स्वतःच्या जुन्या कंबरपट्ट्याचं इलॅस्टिक कापलं, त्यावर लाल कापड चढवलं आणि नवऱ्याच्या क्रिकेटच्या पांढऱ्या पँटमधून कॅप्टनचं 'सी' हे अक्षर कापून वर शिवलं. अक्षर जरा वाकडं बसलं.

"राहू दे," डोरीन म्हणाली. "ज्याला घालायचीय त्याचं नाकही वाकडंच आहे."

ते नाक मॅल ऑग्डेनचं. मॅल मधला बचावपटू. सोळाव्या वर्षी तो पहिल्या विभागातल्या एका मोठ्या क्लबात शिकायला गेला. तीन वर्षं मोठ्यांचे बूट घासले आणि शेवटी एकदा मैदानात उतरला. आठ मिनिटं. मग त्याला खाली विकलं, तिथून आणखी खाली, आणि पंचविसाव्या वर्षी एक गुडघा बिघडवून तो आमच्याकडे, चौथ्या विभागात आला. त्याच्याखाली विभाग नव्हता. त्याच्याखाली लीगच संपत होती.

बचावपटूचं काम काय, हे लोक विचारत नाहीत. मी सांगते. गोल करणाऱ्याला लोक खांद्यावर घेतात. गोल न होऊ देणाऱ्याला लोक घरी जाताना विसरतात. फक्त गोल झाला की त्याचं नाव आठवतं.

नऊ वर्षांत स्टँडमधून मी ऐकलेलं:

"ए वखार! हल की जरा!"

"ऑग्डेन, तू बस! तुझ्या आजीला पाठव!"

"डोकं आहे की वीट?"

"काढा त्याला!"

"काढा त्याला!"

"शाब्बास, ऑग्डेन." (एकदा. मार्चमध्ये. म्हातारा बहुतेक दुसऱ्या गावचा होता.)

हे सगळे आपलेच लोक होते, मित्रांनो. परक्यांचं मी सांगतच नाही.

पण मॅलकडे एक हुकमी डाव होता. बचावातले चौघं एका रेषेत उभे राहायचे. समोरचा खेळाडू चेंडू पुढे टाकायला पाय उचलायचा, त्याच क्षणी मॅल ओरडायचा, "वर!" आणि चौघं एकदम दोन पावलं पुढे. त्यांच्या मागे राहिलेला विरोधी खेळाडू ऑफसाइड, म्हणजे त्याचा गोल धरत नाहीत; पण चौघांतला एक जरी मागे राहिला तर डाव फसला. मॅलचा डावा हात आभाळात, मी त्या हातावर, आणि कडेच्या पंचाचा, लाइनमनचा, झेंडा आमच्या पाठोपाठ वर. पुढे पुढे तर लाइनमन झेंड्याआधी मला बघायला लागले. मला गर्व होता. खोटं कशाला बोलू?

हे जमावं म्हणून सरावाच्या वेळी चौघांच्या कमरांना एकच दोरी बांधत. डोरीनचीच, कपडे वाळत घालायची. एक जण मागे राहिला की चौघांना हिसका.

मॅलच्या डाव्या हाताला, त्याच दोरीत, डग एन्टविसल असायचा. डावा बचावपटू. पाय झटपट, जीभ त्याहून झटपट. त्याची गोष्ट सांगायची तर माझीच गोष्ट सांगावी लागते, कारण भांडणाचं मूळ मी आहे.

एका जानेवारीत मॅलचं गालाचं हाड मोडलं.

(इथे मी सात आठवडे डगच्या दंडावर होते. दंड बारीक, म्हणून डोरीनने दोन टाके घालून मला आवळलं. सात सामन्यांत पाच विजय. डग घरी जाताना मला डोरीनच्या टोपलीत टाकत नसे. खिशात घालून न्यायचा, स्वतः धुवायचा.)

मॅल परत आला त्या शनिवारी सगळे कपडे बदलून बसले होते. सामन्याला दहा मिनिटं होती. आमचे व्यवस्थापक पिकल्स दारात उभे राहिले आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "डग, पट्टी काढ. मालक आला."

कुणीतरी हसलं. डगने मला हळूहळू दंडावरून खाली गुंडाळत आणलं. मॅलने हात पुढे केला. डगने मला त्या हातात दिलं नाही. फरशीवर टाकलं, त्या दोघांच्या बरोबर मध्ये.

मॅल वाकला. त्याने मला उचललं, डोरीनचे दोन टाके दातांनी तोडले आणि थुंकले.

त्यानंतर दोन वर्षं ते दोघं एकमेकांशी एक शब्द बोलले नाहीत. शेजारी शेजारी उभं राहून ऐंशी-नव्वद सामने खेळले आणि बोलले नाहीत. काही सांगायचं असलं की मॅल मागे गोलरक्षकाकडे बघून ओरडायचा.

"डगला सांग, सात नंबर त्याचा!"

"डग, सात नंबर तुझा!"

"त्याला सांग, मला डोळे आहेत!"

"मॅल, त्याला डोळे आहेत!"

"मग उघडायला सांग!"

"अरे, मी गोल राखू की तुमचं लग्न?"

सरावात दोरी बांधताना डग आपली गाठ आपणच मारायचा. मॅलचा हात लागू द्यायचा नाही. आणि मॅल? मॅल डावीकडे बघायचाच बंद झाला. 'वर!' ओरडण्याआधी कप्तानाने दोन्हीकडे एकदा नजर टाकायची असते, सगळे जागेवर आहेत ना म्हणून. मॅल उजवीकडे बघायचा. डावीकडे दोरीवर विश्वास ठेवायचा. दोरी सामन्यात नसते.

(टोपली. साबण. उन्हाळा.)

(टोपली. साबण. दुसरा उन्हाळा.)

मग तो मे महिन्यातला शनिवार.

शेवटचा सामना. आम्ही तळापासून दुसरे, तळातला संघ पाहुणा, आमच्याच मैदानावर. बरोबरी पुरे होती. हरलो तर लीगमधून बाहेर, आणि बाहेर गेलेल्या क्लबात माणसं दिवसा गोदामात काम करून संध्याकाळी खेळतात. मॅल चौतीस वर्षांचा. डग बत्तीस. दोघांचेही करार जूनमध्ये संपत होते.

त्र्याऐंशीव्या मिनिटाला शून्य-शून्य. आमचे दोन्ही बदली खेळाडू उतरून झाले होते. डगच्या डाव्या पोटरीत गोळा आला. तो खाली बसला, उठला, लंगडत जागेवर यायला लागला. रेषेच्या चार पावलं मागे होता. मी डाव्या दंडावर. मला तो सरळ समोर दिसत होता. मला तोंड नाही, मित्रांनो. मला फक्त एक वाकडं अक्षर आहे.

पाहुण्यांच्या खेळाडूने चेंडू पुढे टाकायला पाय उचलला.

"थांब, मॅल! मी मागे आहे!"

दोन वर्षांतला पहिला शब्द. डगच्या तोंडून, मॅलच्या नावासकट.

आता मी जे सांगते ते मला एकटीला माहीत आहे, कारण मी त्या स्नायूवर बसले होते. स्नायू आखडला. मॅलने ऐकलं. आवाज कुणाचा तेही त्याला कळलं. दुसऱ्या कुणाचा असता तर तो थांबला असता.

"वर!" मॅल ओरडला.

तिघं पुढे गेले. हात वर गेला. मी वर गेले. लाइनमनने मला पाहिलं, मग डगला पाहिलं, आणि झेंडा खालीच ठेवला. पाहुण्यांचा नऊ नंबर एकटाच पळत गेला. आमचा गोलरक्षक पुढे आला आणि आडवा झाला, तोवर चेंडू जाळ्यात होता.

मॅल तसाच उभा. हात वर करून. लाइनमनकडे बघत, जणू चूक त्याची.

मग तो हात खाली आला. पूर्ण नाही. अर्ध्यावर थांबला आणि त्याने बोट दाखवलं, डगकडे.

गोल झाला की बचावपटू हे करतातच. सवय असते. पण चार हजार माणसं त्या बोटामागून बघत गेली आणि डगवर जाऊन थांबली.

सामना संपला. एक-शून्य. लीग संपली.

आत कुणी आंघोळीला उतरेना. पिकल्स मधोमध उभे राहिले.

"डग, मागे का राहिलास?"

"पोटरीत गोळा आला. ओरडलो मी."

"मॅल? ओरडला हा?"

मॅल बुटाची नाडी सोडत होता. "गोंगाट होता, साहेब. चार हजार माणसं होती."

डग हसला. असं हसणं मी कुणाचं ऐकलं नव्हतं. "उत्तर ऐका," तो म्हणाला. "खोटं नाही. खरं नाही. अगदी ऑफसाइडच्या रेषेवर."

"बस झालं," पिकल्स म्हणाले. "तुझा करार संपला, एन्टविसल. लोकांना राग काढायला कुणीतरी लागेल."

बाहेर लोक डगच्या नावाने ओरडत होते. सुरात. मग खिडकीची काच आत आली आणि तिच्या मागून विटेचा तुकडा. पोलिसांचा हवालदार दारातून डोकावला.

"एन्टविसल कोण? मागच्या दाराने चला."

"बायको पुढच्या दारात गाडी घेऊन उभी आहे," डग म्हणाला. त्याने कोटाची बटणं लावली, खालून वर, एकेक. "तिला काय सांगू, मागून ये?"

मॅलने अजून मला काढलं नव्हतं. तो उठला. एका पायात मोजा, दुसरा पाय उघडा. फुटलेल्या काचेवरून चालत गेला आणि त्याने पुढचं दार उघडलं.

पायऱ्यांखाली तीन-चारशे माणसं होती. ज्यांना तो नऊ वर्षं नावाने ओळखत होता तीही.

"डग ओरडला होता," मॅल म्हणाला. "मी ऐकलं होतं. ऐकून हात वर केला."

मग पुढची एक बाई, गळ्यात आमचाच लाल-पांढरा मफलर, म्हणाली, "मग त्याच्याकडे बोट का दाखवलंस रे, नालायका?"

मॅलने खरंच विचार केला. मला कळलं, दंड सैल पडला होता.

"कारण तो डग होता," तो म्हणाला.

पहिली थुंकी त्या बाईची. मग मला मोजता आलं नाही. कुणीतरी त्याची बाही धरली, कुणीतरी मला. डोरीनची शिवण उसवली आणि मी माणसांच्या डोक्यांवरून गेले, एका मुठीत. तिथून मला दिसलं. सगळे मॅलवर तुटून पडले होते, म्हणून डावीकडे वाट मोकळी झाली होती, आणि त्या वाटेने डग चालत गाडीपाशी गेला. कुणी अडवलं नाही.

गाडी निघाली. फाटकाजवळ थांबली. मॅल पायरीवर बसला होता, ते वाकडं नाक हातात धरून. दोन हवालदार त्याच्यापुढे उभे. गाडीची काच दोन बोटं खाली आली.

"आधी ऐकायचं होतंस," डग म्हणाला. काच वर. गाडी गेली.

माफीचा तिथे काही विषय झाला नाही. पुस्तकात झाला असता.

मला ज्याने ओढलं त्याने मैदानासमोरच्या पबात नेऊन, बाण मारायच्या फळीशेजारी, खिळ्याने ठोकलं. गिऱ्हाईकं नेम धरण्याआधी एक बाण माझ्यावर मारतात, हात बसावा म्हणून. डोरीन एकदा आली होती. तिने मला धुवायला मागितलं. मालकीणबाई मेव्हिस म्हणाली, "डागांसाठीच तर लोक बघायला येतात, बाई."

मॅल पुन्हा खेळला नाही. दुसऱ्या गावात गालिचे विकतो म्हणतात. पिकल्सना नोकरीवरून काढलं. डगला लीगबाहेरच्या एका क्लबाने घेतलं, तो आणखी तीन वर्षं खेळला. आणि इथे दर शनिवारी वाद होतो, चूक कुणाची. निम्मे म्हणतात मॅलची, निम्मे अजून डगची. मॅलने पायरीवर उभं राहून सांगितलेलं त्यांनी ऐकलं होतं. बोट मात्र त्यांनी पाहिलं होतं.

बऱ्याच वर्षांनी एका मंगळवारी दुपारी पब रिकामा असताना डग आत आला. केस पांढरे, पोटरी अजून धरलेली. त्याने बीअर मागितली आणि उभ्यानेच प्यायला लागला. मेव्हिसने त्याला ओळखलं.

"पाहिजे तर घेऊन जा," ती माझ्याकडे हनुवटी करून म्हणाली. "सात आठवडे तुझीच होती ना."

डग जवळ आला. त्याने माझ्यातले तीन बाण एकेक करून काढले आणि फळीवर लावले. मला वाटलं आता खिळा काढेल.

"नको," तो म्हणाला. "ती त्याची आहे."

तेवढंच. ग्लास अर्धा ठेवून गेला.

मित्रांनो, मला धुवा, मला जपा, मला काचेच्या कपाटात ठेवा, असं मी म्हणणार नाही. पट्टीचं काय, डोरीन दुसरी शिवेल. पण तुमच्याही दंडावर कधीतरी कुणीतरी असं काही बांधेल. वर्गात, संघात, कुठेही. तेव्हा हात वर करण्याआधी मान वळवा, आणि ज्याच्याशी तुम्ही बोलत नाही त्याच्याकडे आधी बघा. मान वळत नसेल, तर पट्टी परत करा.