मेलेल्या बापाचा एक डोळा

नेव्हिल ऑक्स्लीला सारं यॉर्कशायर ओळखायचं. कुठून, ते मात्र कुणाला आठवायचं नाही. बसमध्ये बायका विचारायच्या, "तुम्ही आमच्या शीलाच्या लग्नात होतात ना?"

"होतो की. केक झकास होता."

सेहेचाळीस वर्षांत त्यानं एकोणीस हवालदार, अकरा पाद्री, सात खानसामे आणि चार मढी वठवली होती. नायक व्हायची हाव त्यानं कधी धरली नाही. सकाळी कुणीतरी आपल्याला बोलावतं, हातात गरम चहा देतं, दुसऱ्याच्या आयुष्याचा कोट अंगावर चढवू देतं, याचंच त्याला अप्रूप होतं.

पण यंदा शब्द दगा द्यायला लागले होते. घरी सगळं मुखोद्गत, आणि कॅमेरा सुरू झाला की पाटी कोरी.

आज हॅलिफॅक्सजवळच्या चर्चमध्ये मालिकेचं चित्रीकरण होतं. नेव्हिल झाला होता तिथला म्हातारा घंटावाला. बऱ्याच वर्षांनी गावी परतलेल्या नायिकेला तो तिच्या आईचं थडगं दाखवतो. आठ वाक्यं. एवढं मोठं काम त्याला सहा वर्षांत मिळालं नव्हतं. आधी नायिकेचा, टॅम्सिनचा, चेहरा टिपून झाला. तेव्हा नेव्हिल कॅमेऱ्याशेजारी उभा राहून तिला वाक्यं देत होता. तिथं हातात कागद धरता आला, म्हणून निभावलं.

आता पाळी त्याची. दिग्दर्शक रॉस हळूच म्हणाला, "नाहीच जमलं तर घोर नको हं. तिचा चेहरा दाखवू, वर तुमचा आवाज घालू."

बोलला मायेनंच. पण नेव्हिलनं ओळखलं, पडद्यावर आठही वाक्यं आपल्या टकलाच्या मागच्या बाजूला मिळणार, चेहरा दिसायचाच नाही, आणि त्यानंतर कामासाठी फोन वाजायचा नाही.

टॅम्सिन मोकळी झाली होती, तिची गाडी दारात उभी होती. मोठे लोक असे निघून गेले की संहिता सांभाळणारी मुलगी त्यांची वाक्यं वाचते, गाड्यांचं वेळापत्रक वाचावं तशी. आणि नेव्हिलला शब्द सुचायचे ते समोरच्याच्या डोळ्यांत बघून.

"घाम किती रे म्हाताऱ्या!" मेकअपवाली मॉरीन पावडर टिपत म्हणाली. "तुला रंगवण्यापेक्षा ही भिंत रंगवणं सोपं."

"भिंतीला संवाद नाहीत, मॉरीन. नशीबवान आहे."

पहिल्या खेपेला तो तिसऱ्या वाक्यावर अडला, दुसऱ्या खेपेला दुसऱ्यावरच. तेवढ्यात दार करकरलं. अंगात ओव्हरकोट, पायात घरच्या सपाता, अशी टॅम्सिन आत येऊन कॅमेऱ्याशेजारी उभी राहिली.

"अगं, गाडी थांबलीय तुझी," रॉस म्हणाला.

"थांबू दे."

नेव्हिल ओशाळला. "जा पोरी. लेक वाट बघत असेल."

"लेक सव्वीस वर्षांची झाली, नेव्हिल. तिला सहा आठवड्यांची सोडून मी पहिल्या कामाला आले होते. इस्पितळाचा प्रसंग. तुम्ही माझे मेलेले वडील."

त्याला काही केल्या आठवेना.

"माझा चेहरा घ्यायच्या वेळी तुम्हाला सुट्टी दिली होती. पलंगावर उशी ठेवणार होते. दुधानं ब्लाऊज भिजलेला, तो हातांनी झाकत मी उभी. वाक्य येईना की रडू येईना. तुम्ही कोट काढलात आणि पुन्हा चादरीखाली शिरलात. दोन तास! मी चुकले की एक डोळा उघडून म्हणायचात, 'सावकाश, पोरी. मी कुठं जात नाही.'"

"मढं जाणार कुठं?" मॉरीन पुटपुटली आणि सगळे हसले. नेव्हिलही हसला. सकाळपासून आखडलेले खांदे सैल झाले.

टॅम्सिननं एक डोळा मिटला. "सावकाश, नेव्हिल. मी कुठं जात नाही."

तिसरी खेप. चार वाक्यं घडाघडा आली. पाचवं अडलं. संहितावाली मुलगी कागदाकडे वळली, तिला टॅम्सिननं हातानंच थांबवलं, आणि आईचं थडगं शोधत आलेल्या लेकीसारखी ती नेव्हिलकडे नुसती बघत राहिली. त्या डोळ्यांतून पाचवं वाक्य चालत आलं, "अठ्ठावीस हिवाळे तिच्यावरचं बर्फ मीच झाडलं, बाळ." पाठोपाठ उरलेली तीन.

रॉस बराच वेळ 'कट' म्हणायचंच विसरला. मग डोळे पुसत म्हणाला, "टॅम्सिन, हे ऐकतानाचा तुझा चेहरा पुन्हा घेऊ या. नेव्हिल, तुम्ही सुटलात. घरी जा."

नेव्हिल केव्हाच कॅमेऱ्याशेजारी जाऊन उभा राहिला होता. कागद मागं बाकावर तसाच पडला होता.