तिसरं नाव

“सगळं नीट झालं म्हणजे काय झालं, सिस्टर? एकेक शब्द सांगा.”

नवजात बाळांच्या खोलीबाहेर, हात धुण्याच्या बेसिनपाशी काटेसाहेबांनी नर्सला गाठलं होतं. वजनमापं तपासण्याच्या नोकरीत त्यांचा जन्म गेला. ‘काटेसाहेब’ हे नाव बाजाराने ठेवलेलं. माणूस निवृत्त झाला, नजर काही झाली नव्हती. पाहुण्याने ‘पोट भरलं’ म्हटलं तरी ते आधी त्याचं ताट बघत.

पहाटे त्यांचा नातू गेला. त्याचं काही खरं नाही हे कळलं तेव्हा फादर येईपर्यंत थांबायला वेळ नव्हता आणि टाक्यांमुळे लेकीला उठवत नव्हतं. तिने नर्सलाच गळ घातली: डोक्यावर पाणी घाला आणि पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा यांच्या नावाने बाप्तिस्मा देते, एवढं म्हणा. अशा वेळी कुणीही दिला तरी चालतो. नंतर नर्सने येऊन “सगळं नीट झालं” म्हणून सांगितलं, पण सांगताना सलाइनच्या बाटलीकडे पाहिलं. लेकीने विश्वास ठेवला. बापाने ती नजर टिपली.

बाई मायाळू होती, आणि शंका तिथंच होती. वर चिमूटभर जास्त टाकणाऱ्या दुकानदाराचंच माप खोटं निघतं, हा त्यांचा अनुभव.

“पाणी कशानं घातलंत?”

“सिरिंजनं. हळूहळू.”

“आणि नावं?”

“पित्याच्या… पुत्राच्या…” ती अडखळली.

“हं. पुढं?”

“काका, मी तुमच्या धर्मातली नाही. शब्द चुकू नयेत म्हणून तळहातावर लिहून घेतले होते. आम्ही सगळंच हातावर लिहितो. पण बाळाच्या काचेच्या पेटीत हात घालायच्या आधी धुवावे लागतात ना? सवयीनं धुतले, पार कोपरापर्यंत. बघते तर तळहात कोरा. बाप आठवला, मुलगा आठवला. तिसरं नाव काही केल्या येईना.”

सापडलं! पण खोटं माप पकडल्यावर जे समाधान व्हायचं, ते आज झालं नाही.

“मग दोनावरच भागवलंत?”

“नाही हो! ‘आणि या दोघांबरोबर जो तिसरा असतो, त्याच्या नावानं’, असं म्हटलं.” रात्रभर उभी असलेली बाई आता जरा चिडलीच. “आणि काय हो काका, देव एकच ना तुमचा? मग तिसऱ्यावाचून एवढं काय अडतं?”

लहानपणी पाठ केलेलं उत्तर काटेसाहेबांच्या जिभेवर होतं. जन्मभर कपाळ, छाती, खांदे अशी क्रुसाची खूण करताना ते ही तीन नावं पुटपुटत आले होते. जोखून मात्र कधी पाहिलं नव्हतं.

“एकच आहे. पण एकटा नाही,” ते म्हणाले, आणि आपल्याच वाक्याकडे संशयाने बघत राहिले. “बाप आहे, मुलगा आहे. त्यांच्यातला जो श्वास, जी माया, तोही देवच. जग नव्हतं तेव्हापासून तिघं एकमेकांत. बाप्तिस्मा म्हणजे पोराला त्या घरात नेऊन द्यायचं. दाराशी परक्यासारखं ठेवायचं नाही. म्हणून खोदून विचारतोय, बाई. आत गेलं ना ते?”

“तुमचं ते घर मला ठाऊक नाही,” नर्स म्हणाली. “नाव येईना, म्हणून हाक मारायची राहिले नाही. एवढंच माझ्या हातात होतं.”

फादर काय म्हणतील? नियमाने पाहिलं तर माप उणं. ती हाक घेणाऱ्याच्या बाजूने पाहिलं तर? काटेसाहेब लेकीकडे निघाले.

ते वॉर्डात आले तेव्हा लेक छताकडे बघत होती.

“विचारून आलात ना तिला, पप्पा? वाटलंच मला. तुम्हाला कुठं राहवतंय!”

“आलो विचारून.”

“मग? तिघांना?”

“तिघांनाही हाक गेली.”

“नक्की?”

“नक्की.”

पारखून न घेता त्यांनी कुणाला शब्द दिल्याचं घरात कुणाला आठवत नव्हतं. पहाटेपासून कोरडी राहिलेली लेक उशीत तोंड खुपसून रडायला लागली. काटेसाहेबांनी खाटेभोवतीचा पडदा ओढून घेतला आणि स्वतः बाहेर, पडद्याला पाठ लावून उभे राहिले. तेवढ्यात चारपाच जणांना मागे घेऊन मोठे डॉक्टर तपासणीला आले.

“जरा थांबा,” हात आडवा धरत काटेसाहेब म्हणाले.

डॉक्टर थांबले.